१० लाखांचे २६ लाख: गृहकर्जाची खरी किंमत

(पडद्यावर कोरा कागद. निवेदनाबरोबर एकेक आकडा उमटत जातो.)

गृहकर्ज घ्यायला निघालेला माणूस सगळ्यात आधी विचारतो, "हप्ता किती बसेल?" प्रश्न रास्त आहे. घरखर्च, मुलांचं शिक्षण, आजारपण हे सगळं भागवून महिन्याच्या मिळकतीतून हप्ता निघायला हवा. पण आयुष्यातला सगळ्यात मोठा व्यवहार या एका प्रश्नाच्या उत्तरावर ठरतो, आणि त्या व्यवहाराची किंमत हप्त्यात कुठेच दिसत नाही.

ती किंमत काढून पाहू. चलन कोणतंही धरा, गणित तेच राहतं. कर्ज १० लाखांचं, व्याजदर वर्षाला ८ टक्के, मुदत ३० वर्षं, आणि दर शेवटपर्यंत तोच. मासिक हप्ता येतो सुमारे ७,३३८. असे ३६० हप्ते. बेरीज होते साधारण २६ लाख ४१ हजार. १० लाख मुद्दल, आणि बाकीचे १६ लाख ४१ हजार निव्वळ व्याज.

८ टक्के हा शब्द कानाला किती लहान वाटतो. त्यातून दीडपटीहून जास्त व्याज कुठून आलं?

पहिल्याच हप्त्यात शिरून बघू. १० लाखांवर ८ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं ६,६६७. हप्ता ७,३३८. म्हणजे पहिल्या महिन्यात कर्ज कमी झालं ते फक्त ६७१ नं. दुसऱ्या महिन्यात मुद्दल ६७१ नं कमी, म्हणून व्याजही थोडं कमी, चार-साडेचारनं. तेवढीच रक्कम मुद्दलाकडे सरकते. असं महिन्यामागून महिने चालतं. हप्त्याचा आकडा जागचा हलत नाही, पण त्याच्या पोटातली वाटणी दर महिन्याला बदलत असते.

(आलेख: उरलेल्या मुद्दलाची रेषा. बराच काळ जवळजवळ सपाट, शेवटी वेगानं खाली.)

ही रेषा नीट पाहा. १० वर्षं संपली आहेत. एकही हप्ता चुकलेला नाही. आतापर्यंत भरले सुमारे ८ लाख ८० हजार. कर्ज किती उरलं असेल? ८ लाख ७७ हजार. जवळपास घेतलेल्या कर्जाइतके पैसे भरून झाले, आणि मुद्दल फिटलं सव्वा लाखाच्या आतबाहेर.

हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या पुढे जातो तो साधारण २१ वर्षं ४ महिन्यांनी. निम्मं कर्ज फिटतं सुमारे साडेबावीस वर्षांनी. तिशीत कर्ज घेतलेल्या माणसानं तोवर पन्नाशी ओलांडलेली असते.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा, कारण तो फार खोल रुजला आहे. लोक म्हणतात, "बँक आधी सगळं व्याज वसूल करते, मग मुद्दल." तसं नसतं. दर महिन्याला व्याज लागतं ते त्या महिन्यात उरलेल्या मुद्दलावरच. सुरुवातीला मुद्दल मोठं, म्हणून व्याज मोठं. यात छुपं कलम काही नाही. आणि म्हणूनच ते बदलणं बरंचसं कर्जदाराच्या हातात आहे. दर तोच धरला, तर व्याज दोनच गोष्टींतून जन्माला येतं: किती मुद्दल उरलं, आणि ते किती काळ उरलं.

समान हप्त्यांची ही पद्धत पूर्वीपासून सगळीकडे होती असंही नाही. अमेरिकेत १९२० च्या दशकात घरासाठीची बरीच कर्जं पाच-दहा वर्षांच्या आतली असायची. तोवर मुख्यतः व्याज भरायचं, आणि मुदत संपली की मोठी रक्कम एकदम द्यायची किंवा नवं कर्ज काढायचं. १९२९ नंतर महामंदी आली, नवं कर्ज मिळेना, घरांच्या किमती कोसळल्या, आणि लोकांची घरं लिलावात गेली. त्यानंतर १९३३ आणि १९३४ साली तिथल्या सरकारनं उभ्या केलेल्या दोन संस्थांनी लांब मुदतीचं, दर महिन्याला थोडं थोडं मुद्दल फेडत जाणारं कर्ज रूढ केलं. सामान्य माणसाला घर घेता यावं यासाठी ती मोठी सुधारणा होती, हे मान्यच करायला हवं. पण लांब मुदतीनं जशी सोय दिली, तसा खर्चही दिला.

(तीन रकाने शेजारी शेजारी: १५ वर्षं, २० वर्षं, ३० वर्षं.)

तेच १० लाख, तोच ८ टक्के दर. २० वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता ८,३६४. तीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा महिन्याला जेमतेम हजारभर जास्त. एकूण भरणा २० लाख ७ हजार. म्हणजे हप्ता हजारानं कमी करून घेण्यासाठी ३० वर्षांची मुदत घेणारा कर्जदार ६ लाख ३४ हजार जास्त मोजतो. १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ९,५५७ आणि एकूण भरणा १७ लाख २० हजार. हप्त्यात ३० टक्के वाढ, आणि व्याज निम्म्याहूनही कमी.

ज्याला हजार जास्त परवडतच नाहीत त्याच्यासाठी लांब मुदत हाच मार्ग आहे, आणि त्यात कमीपणा काही नाही. मला काळजी वाटते ती दुसऱ्या माणसाची. त्याला परवडत असतं, पण समोरच्या टेबलावर त्याला फक्त "सगळ्यात कमी हप्ता" दाखवला जातो, आणि शेजारचे दोन रकाने तो कधी पाहतच नाही.

आता दर बदलला तर काय होतं ते पाहू. आतापर्यंत आपण तो स्थिर धरला. प्रत्यक्षात अनेक कर्जांचा दर बाजाराबरोबर वर-खाली होतो. दर वाढला की एकतर हप्ता वाढतो, नाहीतर मुदत वाढते. मुदत वाढली तर कर्जदाराला त्या महिन्यात काहीच जाणवत नाही. खात्यातून गेलेली रक्कम तीच.

२० वर्षांचं कर्ज घ्या, हप्ता ८,३६४. सुरुवातीलाच दर ८ वरून ९ झाला आणि हप्ता तोच ठेवला. २४० हप्त्यांचे ३०४ होतात. एका टक्क्यानं पाच वर्षांहून अधिक काळ वाढला. दर १० झाला तर? आता महिन्याचं व्याजच ८,३३३. हप्त्यातून मुद्दलाला मिळतात ३१. या वेगानं कर्ज फिटायला ५६ वर्षं लागतील. आणि दर त्याच्याही थोडा वर गेला, की हप्त्यात व्याजसुद्धा मावत नाही. न भरलेलं व्याज मुद्दलात जमा होऊ लागतं. माणूस दर महिन्याला इमानदारीनं पैसे भरतो आहे, आणि कर्ज वाढतं आहे. म्हणूनच अशा वेळी कर्ज देणारी संस्था बहुधा हप्ता वाढवायला सांगते. तसा निरोप आला, तर हप्ता वाढवण्याचा त्रास आजचा असतो. मुदत वाढवण्याचा त्रास निवृत्तीच्या वयात येऊन उभा राहतो.

दर कुठवर जाऊ शकतो? अमेरिकेत ऑक्टोबर १९८१ मध्ये ३० वर्षांच्या स्थिर दराच्या कर्जाचा सरासरी दर १८.६३ टक्क्यांवर पोचला होता. आपल्या १० लाखांना तो दर लावला तर हप्ता येतो सुमारे १५,५८६, आणि पहिल्या हप्त्यातून मुद्दल फिटतं ६१.

(पुन्हा मुद्दलाची रेषा. या वेळी ती मधेच खाली वाकते.)

हेच गणित कर्जदाराच्या बाजूनंही वळवता येतं. ३० वर्षांच्या कर्जात वर्षाला एक हप्ता जास्त भरायचा, म्हणजे दर महिन्याला हप्त्याचा बारावा भाग वाढवायचा. कर्ज ३० ऐवजी सुमारे २३ वर्षांत संपतं. व्याज साडेचार लाखांहून अधिक वाचतं.

पण खरी गोष्ट वेळेची आहे. समजा कुठून तरी एक लाख हाती आले. कर्ज घेतल्याबरोबर ते मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदतीतून जवळपास १०४ महिने कमी होतात आणि ६ लाख ६० हजारांच्या आसपास व्याज वाचतं. तेच एक लाख २० वर्षांनी भरले, तर वाचतात २८ महिने आणि साधारण एक लाख. रक्कम तीच. तिनं ज्या मुद्दलाचं व्याज थांबवलं ते एकदा ३० वर्षं चालणार होतं, एकदा फक्त १०.

मुदतपूर्व फेडीवर दंड आहे का, आणि जादा भरलेली रक्कम मुद्दलातूनच वजा होते की पुढच्या हप्त्यांसाठी जमा धरली जाते, हे करार वाचून आधीच विचारावं. एकाच रकमेचे दोन अगदी वेगळे परिणाम होतात. आणि आणीबाणीसाठी ठेवलेला पैसा यात घालू नये. मुद्दलात गेलेला पैसा अडचणीच्या वेळी सहजी परत मिळत नाही.

यापेक्षाही फसवी जागा आहे ती कर्ज दुसरीकडे नेण्याची. १० वर्षांनी ८ लाख ७७ हजार उरले आहेत. दुसरी संस्था ७ टक्क्यांनी कर्ज देते म्हणते. नवी मुदत पुन्हा ३० वर्षं. हप्ता ७,३३८ वरून ५,८३६ वर येतो. दरही कमी, हप्ताही कमी. पण जुनं कर्ज तसंच चालू ठेवलं असतं तर इथून पुढे भरायचे होते १७ लाख ६१ हजार. नव्या कर्जात भरायचे आहेत २१ लाख १ हजार. दर एक टक्क्यानं उतरला आणि भरणा ३ लाख ४० हजारांनी वाढला. तेच ७ टक्के, पण उरलेल्या २० वर्षांसाठीच घेतले, तर हप्ता होतो ६,८०१ आणि एकूण सव्वा लाखाहून अधिक वाचतात. नव्या कर्जाचं शुल्क त्यातून वजा करायचं. कर्ज हलवताना दर विचारतात सगळे, मुदत कुठून मोजणार हे फार थोडे विचारतात.

आता दुसरी बाजू, कारण नुसती बेरीज दाखवून घाबरवणंही खोटंच ठरेल. ३० वर्षांनी भरायचे ७,३३८ आणि आजचे ७,३३८ एकाच मोलाचे नाहीत. महागाई वर्षाला ४ टक्के राहिली, तर शेवटच्या हप्त्याचं मोल आजच्या हिशेबात एक तृतीयांशापेक्षाही कमी असेल. सगळे ३६० हप्ते तसे मोजले, तर २६ लाख ४१ हजारांचे होतात साडेपंधरा लाखांच्या आसपास. शिवाय त्या घरात राहिल्यामुळे भाडं वाचतं. कर्ज न घेता भाड्यानं राहणाराही ती ३० वर्षं फुकट राहत नाही. पण महागाईचा हा दिलासा मिळकत महागाईबरोबर वाढली तरच खरा. ती थांबली, तर हप्ता शेवटपर्यंत तितकाच जड राहतो.

आणि हप्त्याच्या बाहेरही खर्च आहेतच. व्यवहाराच्या दिवशीचे: सरकारी शुल्क, नोंदणी, वकील, मूल्यांकन, कर्जाची प्रोसेसिंग फी. नंतर दरवर्षीचे: मालमत्ता कर, विमा, देखभाल. छप्पर गळतं, नळ सडतात, आणि त्याला हप्त्यासारखी ठरलेली तारीख नसते. पदरचे पैसे कमी घातले तर काही देशांत कर्जावर वेगळा विमा घ्यावा लागतो, आणि तो संरक्षण देतो कर्ज देणाऱ्याला. कर्जदाराच्या आयुर्विम्याचा हप्ता कर्जातच मिसळला असेल, तर त्या विम्यावरही ३० वर्षं व्याज चालतं. तो वेगळा घेता येतो का, एवढं सहीच्या आधी विचारायला काहीच लागत नाही.

जाहिरातीतला दर आणि खरा दर यांत फरक पडतो तो अशा शुल्कांमुळे. १९६८ साली अमेरिकेत कायदा झाला, की कर्ज देणाऱ्यानं शुल्कासकट वार्षिक दर एका ठरलेल्या पद्धतीनं सांगितलाच पाहिजे. तसा दर आता अनेक देशांत सांगावा लागतो. दोन संस्थांची तुलना करायची तर त्याच आकड्यांची करावी, आणि दोन्हींकडून पूर्ण फेडीचं वेळापत्रक मागावं. त्यात पाच वर्षांनी, दहा वर्षांनी किती मुद्दल उरेल तो रकाना शोधावा. घर मधेच विकायची वेळ आली, तर हाती काय पडेल ते तोच रकाना सांगतो. लोक सरासरी तीस वर्षं एकाच घरात राहतील असं धरून चालत नाही.

शेवटचा हप्ता गेला तरी एक काम उरतं. घरावरचा बोजा अनेक ठिकाणी आपोआप उतरत नाही. कर्ज फिटल्याचं पत्र, मूळ कागदपत्रं आणि सरकारी दप्तरातली बोजा कमी केल्याची नोंद, ही तिन्ही मागून घ्यावी लागतात. ती नोंद राहून गेली, तर पुढे घर विकताना किंवा वारसांच्या नावावर करताना फिटलेलं कर्ज कागदावर तसंच उभं असतं, आणि ते उतरवायला पुन्हा त्याच संस्थेच्या दारात जावं लागतं.