जिन्यापाशी ठेवलेली गुलाबं

नमस्कार, श्रोतेहो.

रात्री उशिरा घरी येणाऱ्या माणसासाठी ओट्यावर ताट झाकून ठेवलेलं असतं. वर उपडी ताटली, शेजारी वाटीत लोणचं. घरातले सगळे झोपलेले असतात, कोणी काही बोलत नाही, पण त्या झाकलेल्या ताटाकडे बघून येणाऱ्याला सगळं कळतं. आज जे गाणं मी तुम्हाला ऐकवणार आहे, ते अशाच एका झाकलेल्या ताटाचं गाणं आहे. फक्त तिथे ताटाऐवजी गुलाबाची फुलं होती.

गाणं अमेरिकेतलं. नाव 'ऑल द स्मॉल थिंग्ज', म्हणजे बारीकसारीक गोष्टी. बँडचं नाव ब्लिंक-१८२. कॅलिफोर्नियात सॅन डिएगोजवळ पॉवे नावाचं गाव आहे, तिथे हा बँड सुरू झाला. आधी नुसतंच 'ब्लिंक' होतं, पण त्याच नावाच्या एका आयरिश बँडने हरकत घेतली, म्हणून पुढे १८२ आला. गिटारवर टॉम डिलाँग, बेसवर मार्क हॉपस आणि ड्रम्सवर ट्रॅव्हिस बार्कर. तिघेच. पण आवाज ऐकलात तर दहाजण वाजवताहेत असं वाटेल.

१९९९ साली त्यांचा अल्बम तयार होत होता. रेडिओवर वाजेल असं एखादं गाणं कंपनी मागणारच, हे टॉमच्या डोक्यात होतं, म्हणून त्याने हे लिहिलं. लिहिलं ते मैत्रिणीसाठी. रेकॉर्डिंग संपवून तो एकदा रात्री उशिरा घरी आला, तर तिने जिन्यापाशी त्याच्यासाठी गुलाबं ठेवलेली होती. गाण्याच्या दुसऱ्या कडव्यात ती गुलाबं तशीच्या तशी आली आहेत. जिना, गुलाबं, आणि तिला माझी काळजी आहे हे त्यावरून मला कळलं, एवढंच. लक्षात ठेवा, दुसरं कडवं. मी पुन्हा सांगणार आहे.

हे गाणं पॉप-पंक प्रकारातलं. पॉप-पंक म्हणजे काय, ते थोडक्यात सांगते. पंक म्हणजे तीन-चार कॉर्ड, सुसाट वेग आणि फार आलापी नाही. १९७० च्या दशकात न्यूयॉर्कच्या रमोन्स बँडने ते लोकांपुढे आणलं. त्याच वेगावर गुणगुणता येईल अशी गोड चाल चढवली की झालं पॉप-पंक. या गाण्यात मधे जे नुसतं 'ना ना ना' येतं, तो रमोन्सना केलेला नमस्कार आहे. (गाण्यात शब्द नसलेली जागा असावी, असं माझं ठाम मत आहे. ज्याला भाषा येत नाही, त्यालाही तिथून आत शिरता येतं.)

आता व्हिडिओ. त्या वर्षी अमेरिकेत बॉयबँडची लाट होती. बॅकस्ट्रीट बॉइजचा एक व्हिडिओ तेव्हा सगळीकडे दिसत होता. पाच देखणी मुलं पांढऱ्या कपड्यांत, मागे भलंमोठं विमान, समोर फलक घेऊन किंचाळणाऱ्या मुली. ब्लिंक-१८२ ने दिग्दर्शक मार्कोस सिएगा यांना घेऊन लॉस एंजेलिसमधल्या व्हॅन नाइस विमानतळावर त्याचीच नक्कल केली. हे तिघंही पांढऱ्या कपड्यांत, विमानासमोर, तशाच नाचाच्या स्टेप्स. मग समुद्रकिनारा. तिथे ब्रिटनी स्पीअर्स आणि क्रिस्टिना अगिलेरा यांच्या व्हिडिओंची नक्कल. नकलेत मेहनत आहे, हे मला आवडतं. वाईट नाचायचं असेल तर आधी स्टेप पाठ असावी लागते.

आणि झालं काय, तर ज्यांची नक्कल केली, त्यांच्याच शेजारी एमटीव्हीवर रोज हा व्हिडिओ लागायला लागला. मुली यांच्यासाठीही किंचाळायला लागल्या. जानेवारी २००० मध्ये सिंगल, म्हणजे सुटं गाणं म्हणून ते आलं, बिलबोर्ड या अमेरिकन मासिकाच्या लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत गेलं, आणि त्याच वर्षी एमटीव्हीच्या सोहळ्यात सर्वोत्कृष्ट समूह-व्हिडिओचं पारितोषिकही मिळालं.

पण श्रोतेहो, त्या व्हिडिओने एक केलं. गाणं झाकून टाकलं. लोकांना विमान आठवतं, पांढरे कपडे आठवतात. गुलाबं कोणालाच आठवत नाहीत. मलाही आठवत नव्हती. मी हे गाणं २० वर्षं पाहिलं होतं. ऐकलं पहिल्यांदा डेन्व्हरमध्ये.

ती गोष्ट तुम्हाला सांगायची आहे.

माझा भाचा डेन्व्हरला राहतो. २०२३ च्या जानेवारीत मी त्याच्याकडे गेले होते. एका संध्याकाळी म्हणाला, "मावशी, आज तुला आइस हॉकीला नेतो." मी म्हटलं, अरे, मला त्यातलं ओ की ठो कळत नाही. तर म्हणाला, "कळायची गरज नाही. फक्त शेवटच्या भागात उठून जाऊ नकोस. मला वचन दे." दोन स्वेटर, वर त्याच्या बायकोचा कोट, अशी मी निघाले.

मैदानाचं नाव बॉल अरिना. आत १८ हजार माणसं, मधे बर्फ. संघ कोलोराडो अ‍ॅव्हलांच, म्हणजे हिमप्रपात. आदल्याच वर्षी, जून २०२२ मध्ये, २१ वर्षांनी त्यांनी स्टॅनली कप, म्हणजे तिथल्या आइस हॉकीतला सर्वांत मोठा चषक, जिंकला होता, त्यामुळे सगळं गाव अजून त्याच आनंदात होतं. खेळ वीस-वीस मिनिटांच्या तीन भागांत असतो. माझ्या शेजारी एक आजोबा बसले होते, मांडीवर सहा-सात वर्षांची नात, तिच्या कानांवर आवाज अडवणारे मोठे गुलाबी हेडफोन. या खेळात चेंडूऐवजी रबराची चकती असते. खेळ इतका वेगवान की ती चकती कुठे आहे ते मला दिसतच नव्हतं. मी आपली त्या नातीकडे बघत होते. तिने उडी मारली की मी टाळ्या वाजवायचे.

आता एक नियम सांगते, कारण सगळी गोष्ट त्या नियमावर उभी आहे. खेळ थांबलेला असेल तेवढाच वेळ तिथे संगीत वाजवता येतं. पंचाने चकती बर्फावर टाकली की संगीत बंद. मग गाणं कुठेही असो, अर्ध्या ओळीत असलं तरी बंद. पुन्हा सांगते, चकती पडली की गाणं बंद.

तिसरा भाग आला. शिट्टी झाली, खेळ थांबला, आणि गिटार सुरू झाली. मी लगेच ओळखलं, अरे, हे तर विमानवालं गाणं! भाच्याने माझा हात दाबला. आजोबांनी नातीचे हेडफोन काढले. नीट लक्ष द्या, आवाज वाढला तेव्हा त्यांनी हेडफोन काढले. सगळे उभे राहिले. गाणं ध्रुवपदापर्यंत आलं, खेळाडू जागेवर वाकले, पंचाने चकती टाकली, आणि संगीत खटकन बंद झालं.

गाणं मात्र थांबलं नाही.

१८ हजार माणसं पुढे गात राहिली. गिटार नाही, ड्रम नाही, खाली बर्फावर स्केट घासल्याचा कर्रकर्र आवाज, आणि वर हे गाणं. ध्रुवपदात दिवे मालवून घरी नेण्याची विनवणी आहे. ती मी इतकी वर्षं नुसत्या आरडाओरड्यासारखी ऐकली होती. वाद्यं निघून गेल्यावर कळलं, हे तर घराचं गाणं आहे. आजोबांना सगळे शब्द येत होते. ती छोटीही गात होती, एक पाऊल त्यांच्या पुढेच. आणि खेळ चालूच होता, खेळाडू धावतच होते, त्यांच्यासाठी कोणी थांबलं नव्हतं आणि गाण्यासाठी खेळही थांबला नव्हता. माझे डोळे भरून आले. भाचा म्हणाला, "म्हणून म्हटलं होतं, उठू नकोस."

२०१९-२० च्या मोसमात ही प्रथा पडली. कोणी फर्मान काढलं नव्हतं, संगीत थांबलं आणि लोक थांबले नाहीत, एवढंच.

इथे मला आपल्या आरतीबद्दल बोलावंसं वाटतं. गणपतीत हल्ली मोबाइलवर आरती लावतात आणि सगळे हात जोडून ऐकत उभे राहतात. कृपा करून असं करू नका. टाळ पुरेत. सुरुवातीला दोघंच म्हणतील, एखादा 'संकटी पावावे' कुठे येतं ते विसरेल, पण 'घालीन लोटांगण' येईपर्यंत शेजारचे काकाही सुरात येतात. यंत्र बंद ठेवलं की माणसं गातात, हे मी माझ्या कानांनी ऐकलेलं आहे.

असो. त्या रात्री आम्ही उशिरा घरी आलो. भाच्याच्या बायकोने आमच्यासाठी खिचडी झाकून ठेवली होती. मी तिथेच स्वयंपाकघरात उभं राहून भाच्याला म्हटलं, ते गाणं लाव, पण फोन उलटा ठेव, मला व्हिडिओ नको. तेव्हा दुसऱ्या कडव्यातली गुलाबं मला पहिल्यांदा ऐकू आली.

तर श्रोतेहो, रेडिओला पडदा नाही, हे आज आपल्या सोयीचंच आहे. गाणं तीन मिनिटांच्या आतच संपतं, तेवढा वेळ हातातलं काम ठेवा. दुसरं कडवं, जिन्यापाशी. ऐका.