पंखांचे डोंगर

श्रोतेहो, नमस्कार.

आज ज्या डोंगरांविषयी बोलायचं आहे, ते उडायचे. पंख होते त्यांना. कृष्ण यजुर्वेदाच्या मैत्रायणी संहितेत ही गोष्ट आहे, आणि ही शाखा परंपरेनं जपणारी घराणी खानदेशात, नाशकाकडे आजही आहेत, म्हणजे गोष्ट तशी आपल्या शेजारचीच. पर्वत ही प्रजापतीची थोरली लेकरं, असं ती सांगते. मनाला येईल तिथं उडत जायचे, मनाला येईल तिथं बसायचे. पृथ्वी तेव्हा सैल होती, डुगडुगत होती. मग इंद्रानं त्यांचे पंख छाटले आणि त्याच डोंगरांनी पृथ्वी घट्ट केली. छाटलेल्या पंखांचं काय झालं? त्यांचे ढग झाले. म्हणून ढग सदा डोंगराकडेच धाव घेतात, कारण तेच त्यांचं जन्मस्थान.

एवढीच गोष्ट, मोजक्या वाक्यांची. पण हे रचणारा माणूस पावसाळ्यात डोंगराकडे तासन् तास बघत बसलेला असणार, याबद्दल मला शंका नाही. जुलैत हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर जा. खाली दरीत काहीच दिसत नाही. मग पांढरा लोट उठतो, कड्याला चिकटून सरसर वर येतो, तुमच्या अंगावरून जातो, कपडे ओले करून जातो. आकाश एवढं मोकळं असताना हे ढग कड्यालाच का बिलगतात, हा प्रश्न कुणालाही पडावा. आजचं उत्तर असं, की समुद्रावरून आलेला दमट वारा सह्याद्रीला थडकतो, वर चढतो, गार होतो, आणि त्यातल्या बाष्पाचे थेंब होतात. म्हणून तर महाबळेश्वराला वर्षाकाठी साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस कोसळतो आणि घाटाखालच्या वाईला हजारसुद्धा भरत नाही. दोन्ही उत्तरांतलं निरीक्षण एकच आहे. मला स्वतःला जुनं उत्तर जास्त आवडतं, शेतीचा अंदाज बांधायला मात्र दुसरं घ्यावं.

इंद्राच्या या धरपकडीतून एक डोंगर निसटला. मैनाक, हिमालयाचा मुलगा. सुंदरकांडात त्याची भेट होते. मारुतीराय लंकेकडे झेपावलेत, खाली अथांग समुद्र. समुद्राला वाटतं, रामाचा दूत आहे, याला घडीभर विसावा मिळावा. तो मैनाकाला वर यायला सांगतो, आणि पाण्यातून सोन्याची शिखरं वर येतात. मारुतीला वाटतं, ही वाटेतली आडकाठी, म्हणून छातीच्या धक्क्यानं तो डोंगर बाजूला सारतो. डोंगर रागावत नाही. माणसाचं रूप घेऊन आपल्याच शिखरावर उभा राहतो आणि सांगतो, बाबा रे, इंद्र वज्र घेऊन पंख छाटत सुटला होता तेव्हा तुझ्या वडिलांनी, वायूनं, मला उचलून या समुद्रात टाकलं. माझे पंख वाचले ते त्यांच्यामुळं. आता थोडा वेळ बस, फळं खा. मारुती थांबत नाही, कामाची घाई आहे. हातानं नुसता स्पर्श करतो आणि पुढं जातो. बापाचे उपकार मुलाला फेडू पाहणारा डोंगर! आपल्याकडं कीर्तनात द्रोणागिरीला जेवढा वेळ मिळतो, त्याच्या चौथाई जरी मैनाकाला मिळाला असता तर बरं झालं असतं.

आता खऱ्या डोंगरांकडं येतो. सह्याद्रीचा काळा कातळ जवळून पाहिलात तर त्यात बारीक भोकं दिसतात. काही रिकामी, काहींत पांढरे स्फटिक बसलेले. ते लाव्ह्यातल्या वायूचे बुडबुडे. हा लाव्हा सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी ओतला गेला, आणि तेव्हा आपला भूखंड विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता, आज जिथं हिंदी महासागरातलं रीयुनियन बेट आहे त्या बाजूला. पृथ्वीच्या पोटातली आग साधारण एका जागी आणि भूखंड मात्र उत्तरेकडं सरकत राहिलेला, म्हणजे चूल तिथंच आणि तवा पुढं चाललेला. तव्याला जिथं जिथं आच लागली, तिथं तिथं नवा डोंगर उठला. त्यातले पुष्कळसे आज पाण्याखाली आहेत. लक्षद्वीप, मालदीव आणि चागोस ही बेटं म्हणजे अडीच हजार किलोमीटर लांबीच्या एका बुडालेल्या रांगेचे माथे. त्यांवर प्रवाळ चढलंय, नारळ उभे आहेत, मूळ डोंगर मात्र खाली समुद्रात लपलाय.

आता कुणीतरी लगेच फोनवर मेसेज फिरवील, की बघा, पूर्वजांना भूखंडांचं सरकणं ठाऊक होतं. कृपा करून फिरवू नका. त्या ऋषींनी रीयुनियन पाहिलं नव्हतं आणि पाहण्याची गरजही नव्हती. डोंगर हलले असतील का, एवढी शंका त्यांना आली, हे पुरेसं नाही का? आपण रोज घाटातून एसटीनं जातो, आपल्याला ती कधी येते?

इंद्राचं काम मात्र अर्धवटच राहिलेलं दिसतं. भारताचा भूखंड आजही वर्षाला पाचेक सेंटिमीटर ईशान्येकडं सरकतो आहे, सह्याद्रीला सोबत घेऊन. आणि ती जुनी चूलही विझलेली नाही. रीयुनियनवर पितों द ला फुर्नेझ नावाचा 2,632 मीटर उंचीचा ज्वालामुखी आहे. त्याचे उद्रेक अजून वारंवार होतात, आणि लाव्हा कधीकधी थेट समुद्रात उतरतो. बेट तेवढ्यानं थोडं मोठं होतं.

नमस्कार.