ललिताबाईंचा डोळा आणि ललिताबाईंचं काम

मंडळी, ललिता पवार म्हटलं की गप्पा लगेच त्या थपडेकडे वळतात. 1942 साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, पुढे काही वर्षं उपचार चालले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. मूकपटापासून नायिका असलेली बाई चरित्र अभिनेत्री झाली. हे सगळं खरंच आहे. पण पुढची चाळीसहून जास्त वर्षं त्या डोळ्यानं काम केलं, असं आपण बोलतो, त्याचा मला राग येतो. डोळा बारीक असलेल्या माणसाला आपोआप टायमिंग येत नाही!

चरित्र नटाला पडद्यावर वेळ मिळतो मोजका. त्याची ओळख करून द्यायला लेखकाला सवड नसते. तेव्हा प्रेक्षकाला आधीपासून जे ठाऊक आहे, तेच त्याचं भांडवल. ललिताबाई दारात उभ्या राहिल्या की थिएटरला कळायचं, आता सुनेचं काही खरं नाही. शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये, 1950 साली, त्यांनी ही खाष्ट सासू उभी केली आणि मग तशाच भूमिका येत राहिल्या. येणारच. धंदा तसाच चालतो.

पण बाई त्या ओळखीशी खेळायच्या. ‘प्रोफेसर’ आठवा, 1962 चा. पोरींना धाकात ठेवणारी करडी मावशी, आणि तीच म्हाताऱ्याच्या सोंगातल्या शम्मी कपूरवर भाळते. आपण हसतो, पण तिची कीवही येते. इथे नटी जरा जास्त वाहवली असती, तर नुसता आचरटपणा झाला असता.

‘अनाडी’ मात्र सावकाश बघा. हृषीकेश मुखर्जींचा, 1959 चा. मिसेस डिसा ही घरमालकीण राज कपूरवर सारखी डाफरते, आणि त्या डाफरण्यातच माया आहे. ललिताबाई आवाज चढा ठेवतात, त्यात गोडवा मिसळत नाहीत. माया दिसते ती नजरेत आणि हातांच्या लगबगीत. म्हणून भेसळीच्या औषधानं ती जाते, तेव्हा पुढच्या साऱ्या कथेला वजन येतं. त्या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. हृषीदांनी 1971 च्या ‘आनंद’मध्ये त्यांना मेट्रन केलं, आणि आडनाव पुन्हा डिसाच! योगायोग म्हणायला मी तयार नाही.

मग 1987 साली दूरदर्शनवर ‘रामायण’ आलं. ललिताबाई सत्तरीच्या घरात. मंथरा काही फार भागांत नाही, पण पद्मा खन्नांच्या कैकेयीचे कान भरताना बाई घाई करत नाहीत. एक वाक्य टाकायचं, थांबायचं, समोरचीचा चेहरा वाचायचा, मग पुढचं. कैकेयी चिडली की जरा माघार, आणि लगेच दुसऱ्या बाजूनं तोच विषय. यूट्यूबवर तो प्रसंग सापडला तर एकदा आवाज बंद करून बघा. कैकेयीचं मन नेमकं कुठे फिरलं, ते मंथरेच्या चेहऱ्यावर आधी दिसतं.