न विझणारी आग

(कृष्णधवल चित्र. टेबल, माणूस, हातात कागद.)

कोट-टाय घालून टेबलाशी बसलेला हा तरुण बातम्या वाचायला आलाय असं वाटेल. पण हातातला कागद म्हणजे एका व्हिएतनामी माणसाची साक्ष आहे, अंगाला चिकटून जळणाऱ्या नापाम बॉम्बने भाजलेल्या. वाचून झाल्यावर तो मान वर करतो आणि आपल्यालाच विचारतो: नापामच्या जखमा तुम्हाला दाखवायच्या तरी कशा? दाखवल्या, तर तुम्ही डोळे मिटून घ्याल.

आता त्याच्या हाताकडे बघा.

(सिगारेट हातावर विझते. तीन सेकंद शांतता.)

फिल्ममधला आवाज सांगतो: सिगारेट ४०० अंशांवर जळते. नापाम ३००० अंशांवर.

फिल्मचं नाव 'न विझणारी आग', साल १९६९, लांबी २५ मिनिटं. तरुणाचं नाव हारून फारोकी, फिल्मचा दिग्दर्शकही तोच. नाव ऐकून दचकलात ना? वडील भारतीय, आई जर्मन. जन्म १९४४चा, आज चेक प्रजासत्ताकात असलेल्या एका गावातला. लहानपणीची काही वर्षं भारतात आणि इंडोनेशियात गेली. पुढे पश्चिम बर्लिनच्या फिल्म अकादमीची पहिली तुकडी, आणि १९६८ साली राजकीय चळवळीपायी तिथून हकालपट्टी.

(हवाई छायाचित्र. कॅमेरा अगदी सावकाश जवळ जातो.)

या फोटोवर जरा रेंगाळू या. फारोकीही रेंगाळले होते, १९८८च्या 'जगाची चित्रं आणि युद्धाचा शिलालेख' या माहितीपटात. तारीख ४ एप्रिल १९४४. इटलीतल्या फोज्जाहून उडालेलं अमेरिकी विमान आय. जी. फार्बेन या जर्मन रसायन कंपनीच्या कारखान्याचे फोटो काढायला आलं होतं. विश्लेषकांनी भिंग लावून एकेक इमारत ओळखली. हे वीजघर, हा कार्बाइडचा कारखाना. सगळी नोंद चोख. त्याच फोटोंत शेजारची नाझींची ऑशविट्झ छावणीही आली होती. कुंपण, बराकी, नोंदणीसाठी उभी असलेली माणसांची रांग. तिच्यावर मात्र एक अक्षर नाही! शोधायला सांगितलं नव्हतं, म्हणून दिसलं नाही. १९७७ साली सीआयएच्या दोघा कर्मचाऱ्यांनी हे फोटो पुन्हा बाहेर काढले आणि त्यांवर लिहिलं: गॅस चेंबर.

तेहतीस वर्षं फोटो फायलीत होता.

(बुखारेस्ट, २१ डिसेंबर १९८९. सरकारी टीव्हीचं थेट प्रक्षेपण.)

रुमेनियाचा हुकूमशहा चाउशेस्कू याचं भाषण चालू आहे. गर्दीत काहीतरी होतं, चित्र थरथरतं. गडबड झालीच तर कॅमेरा वर करायचा, अशी कॅमेरामनना सूचना होती. म्हणून हे बघा, नुसतं आकाश. रुमेनियाच्या क्रांतीवरची फिल्म फारोकी आणि आंद्रेई उजिका यांनी जुळवली ती अशा दुसऱ्यांनी टिपलेल्या चित्रांतून, १२५ तासांच्या फितींतून. सत्ता उलटली, चाउशेस्कूला गोळ्या घातल्या, हे तुम्हाला माहीत आहेच. फारोकींना उत्सुकता होती ती कॅमेरा नेमका कधी, किती वळला याची.

(नाझींची वेस्टरबोर्क छावणी, नेदरलँड्स. रेल्वेचा फलाट. आवाज नाही.)

हे चित्रण रुडॉल्फ ब्रेसलाउअर या कैद्याने केलंय, छावणीप्रमुखाच्या हुकमावरून. ढकलगाडीवरून एक बाई चालली आहे. तिच्या बॅगेवर नाव आणि जन्मतारीख रंगवलेली आहे. त्यावरून फलाटावरच्या रेल्वेगाडीची तारीख हाती लागली: १९ मे १९४४. फारोकींनी २००७ साली या फितीवर काम केलं तेव्हा तिला आवाज जोडला नाही. मधे फक्त पाट्या.

(गाडी सुटते. पूर्ण दृश्य चालू द्यावं.)

फारोकींच्या कामात युद्धाचा सराव करवणारे व्हिडिओ गेम आले, क्षेपणास्त्रांच्या नाकावरचे कॅमेरे आले. पत्नी आंत्ये एमान यांच्याबरोबर १५ शहरांत फिल्म बनवण्याच्या कार्यशाळा झाल्या, त्यांत आपलं बंगळूरही होतं. विषय माणसांचं काम, एक किंवा दोन मिनिटांचं एकच दृश्य, मधे कात्री नाही. ३० जुलै २०१४ रोजी फारोकी गेले.

(विटा.)

ही २००९ची फिल्म. बुर्किना फासोत गावकरी हातांनी भिंत उभारतात, भारतात भट्टी पेटते, युरोपात यंत्रमानव वीट रचतो. तासाभराच्या या फिल्मला निवेदन नाही. तेव्हा आम्हीही इथे थांबतो. वीट एका हातातून दुसऱ्या हातात कशी जाते ते बघा.