फांदीखालचा जांभळा थर

नमस्कार श्रोतेहो. पाऊस लागला आणि गोव्यात कुणी अळमी, म्हणजे खायची भूछत्रं, म्हटलं, की डोळ्यांसमोर येते वारुळावरची रोयण अळमी आणि लगोलग तिचा चढा भाव. आजची बुरशी तशी नाही. तिला देठ नाही, छत्री नाही, आणि तिची शागोती, म्हणजे मसालेदार रस्साही, होत नाही. नाव फ्लेबिओप्सिस क्रासा. जगभरच्या उष्ण प्रदेशांत ती मेलेल्या लाकडावर वाढते.

भिंतीला रंगाचा हात द्यावा तशी ती फांदीला चिकटून पसरते. कधी कडा सुटून किंचित वर वळते, आणि त्या वळलेल्या भागाची पाठ लवदार असते. ताजेपणी रंग जांभळा, वाळत गेला की तपकिरीकडे झुकणारा. पृष्ठभाग साधारण गुळगुळीत. अळमीच्या पोटाशी असतात तसे पडदे इथे नाहीत. बीजाणू याच उघड्या पृष्ठभागावर तयार होतात. तो बहुधा जमिनीकडे तोंड करून असतो, म्हणजे पावसाचा मारा चुकतो आणि सुटलेले बीजाणू सरळ खाली हवेत पडतात.

खरी ओळख मात्र सूक्ष्मदर्शकाखालीच पटते. त्या थरात जाड भिंतीच्या, टोकदार पेशी उभ्या असतात आणि त्यांच्या टोकांवर स्फटिकांचं कवच चढलेलं असतं. जांभळ्या बुरश्या इतरही आहेत, त्यामुळे नुसत्या रंगावरून नाव ठेवायची घाई मला पटत नाही.

आता तिचं काम. लाकडाला ताठपणा देणारं लिग्निन पचवणं फार थोड्या जिवांना जमतं, हिला जमतं. म्हणून तिने खाल्लेलं लाकूड फिकट आणि तंतुमय होतं. हिची एक बहीण थंड देशांतल्या पाइनवर वाढते, फ्लेबिओप्सिस जायगँशिया. पाइन तोडला की ताज्या बुंध्यातून मूळकुजीची बुरशी शिरते आणि मुळांवाटे शेजारच्या जिवंत झाडांपर्यंत पोचते. इंग्लंडमध्ये जॉन रिशबेथ यांनी 1960च्या दशकात दाखवून दिलं, की बुंध्यावर आधीच या बहिणीचे बीजाणू लावले तर ती जागा अडवते. युरोपात आजही हा उपाय वापरतात.

तुमच्या कुळागरात, म्हणजे सुपारी-नारळाच्या बागेत, पडलेली फांदी उलटून पाहा, अर्थात विंचवाचा अंदाज घेऊनच. असा एखादा थर दिसला तर रंग तिथल्या तिथे लिहून ठेवा, फोटो काढा. मोले किंवा खोतीगावच्या अभयारण्यात मात्र फक्त बघायचं. परवानगीशिवाय काहीही उचलायचं नाही.