नांगराला बांधलेल्या बायका

नमस्कार मंडळी. आज ज्यू लोकांच्या कायद्याबद्दल बोलायचंय. हलाखा म्हणतात त्याला, दोन हजार वर्षांहून जास्त काळ चाललेला केवढा तरी पसारा आहे तो, सगळा सांगायला बसले तर रात्र पुरणार नाही, म्हणून त्यातला एकच शब्द घेते. अगुना.

हिब्रूत ओगेन म्हणजे जहाजाचा नांगर, आणि त्याच धातूतला शब्द अगुना, म्हणजे नांगराला बांधलेली बाई. कोकणात खाडीत होडी नांगरून ठेवलेली बघितलीय ना तुम्ही, पाणी आहे, वारा आहे, होडी डुलतेय पण जात कुठेच नाही, अगदी तसं. नवरा बेपत्ता झालाय, किंवा नवरा जिवंत आहे पण तिला सोडायला तयार नाही, आणि त्या नवऱ्यापासून सुटल्याशिवाय तिला दुसरं लग्न करता येत नाही. धड विधवा नाही, धड सवाष्ण नाही.

आता हे असं का, तर बायबलच्या अनुवाद नावाच्या पुस्तकात, 24 व्या अध्यायात लिहिलंय की नवऱ्यानं फारकतीचं पत्र लिहून बायकोच्या हातात द्यावं. या पत्राला गेत म्हणतात. ते द्यायचं नवऱ्यानं, आणि स्वखुशीनं. रब्बींचं, म्हणजे ज्यू धर्मगुरूंचं, कोर्ट असतं, बेत दीन, पण लग्न मोडतो तो नवरा, कोर्ट फक्त सगळं रीतसर होतंय ना ते बघतं. आणि गेत नसताना बाईनं दुसरा संसार मांडला, त्यात मूल झालं, तर ते मूल मामझेर ठरतं, त्याला बाकीच्या ज्यूंशी लग्न करता येत नाही, त्याच्या मुलांनाही नाही, पुढे पिढ्यानपिढ्या नाही. म्हणजे एका कागदावर किती जणांचं आयुष्य टांगलेलं असतं बघा.

ही मामझेरची भीती आपल्या मराठी माणसांपर्यंत येऊन पोचली होती, हे फार जणांना माहीत नसतं. बेने इस्रायल, म्हणजे आपल्या अलिबाग-नवगाव बाजूचे शनवार तेली, शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून ते नाव, घरात मराठी बोलणारी ही माणसं 1948 नंतर इस्रायलला जायला लागली आणि तिथे काही रब्बी म्हणाले की तुम्ही शेकडो वर्षं बाकीच्या ज्यूंपासून लांब होतात, तुमच्या पूर्वजांत कुणाची फारकत गेतशिवाय झाली असेल आणि मग त्या बाईनं दुसरं लग्न केलं असेल तर? 1962 मध्ये मुख्य रब्बींच्या कचेरीनं सूचना काढली की यांचं लग्न इतर ज्यूंशी लावण्याआधी पिढ्या तपासा. आजीची पणजी कोण, तिची फारकत कशी झाली, हे कोण सांगणार हो? लोक चिडले, जेरुसलेममध्ये उपोषणं, निदर्शनं झाली, आणि 1964 मध्ये तिथल्या संसदेनं स्पष्ट म्हटलं की बेने इस्रायल सर्व अर्थांनी ज्यू आहेत, मग त्या सूचनेतून त्यांचं नाव काढावं लागलं. मला हे वाचून फार लागलं होतं. ज्यांनी भूमध्य समुद्रापासून इतक्या लांब, कुणी सांगणारं नसताना शब्बाथ, म्हणजे शनिवारचा विसावा, सांभाळला त्यांच्याकडे पुरावा मागायचा.

पण एवढ्यावरून हा कायदा दगडाचा आहे असं समजू नका, कारण याच कायद्यातला दुसरा भाग वाचला की माझा जीव अक्षरशः भरून येतो.

मूळ नियम काय, तर कुठलीही गोष्ट शाबीत करायला दोन साक्षीदार हवेत. मग जो समुद्रात गेला, लढाईत गेला, वाटेत कुठे गेला, त्याच्या मरणाचे दोन साक्षीदार आणायचे कुठून? इ.स. 200 च्या सुमाराला मिश्ना नावाचा ग्रंथ तयार झाला, त्याच्या येवामोत या भागात याच्यावरच दोन अध्याय आहेत. त्यात एक वाद आहे. बाई परदेशातून एकटी परत आली आणि म्हणाली माझा नवरा वारला, तर मानायचं का? तेव्हा विद्वानांचे दोन गट होते, एक हिलेलचा, एक शम्मायचा. हिलेलच्या गटातले लोक म्हणाले, आम्ही तर हे फक्त पिकाच्या कापणीवरून आलेल्या बाईबद्दल ऐकलंय. शम्मायच्या गटातले म्हणाले, कापणीवरून आली काय, ऑलिव्हच्या बागेतून आली काय, लांबच्या देशातून आली काय, सगळं सारखंच, लोक घडलं तसं बोलले, एवढंच. आणि मग हिलेलच्या गटानं आपलं मत बदललं. एरवी शम्मायची माणसं कडक म्हणून ओळखली जातात, इथे मात्र बाईच्या बाजूनं ती आधी उभी राहिली आणि दुसऱ्यांनी चूक कबूल करून टाकली. ते ग्रंथात तसंच्या तसं लिहून ठेवलंय, लपवलं नाही, हे मला फार मोठं वाटतं.

पुढे रब्बान गमलिएल नावाच्या मोठ्या विद्वानाला आठवलं की तेल अर्झा इथे काही माणसं मारली गेली होती आणि त्याच्या आजोबांनी, त्यांचंही नाव गमलिएलच, एकाच साक्षीदारावर त्या माणसांच्या बायकांना लग्नाची मोकळीक दिली होती. मग एकच साक्षीदार चालेल असं ठरलं, मग ऐकीव साक्ष चालेल, बाईची चालेल, गुलामाची चालेल, ज्यांची साक्ष बाकी कोर्टात उभी पण करत नव्हते त्या सगळ्यांची. त्यातच एक गोष्ट येते. काही लेवी लोक, म्हणजे देवळात सेवा करणाऱ्या वंशातले, सोअरला, खजुरांच्या गावाला चालले होते, वाटेत एक जण आजारी पडला, त्याला एका सराईत ठेवून बाकीचे पुढे गेले. परत येताना सराईवालीला विचारलं, आमचा माणूस कुठाय? ती म्हणाली, मेला, मी पुरला त्याला. तिनं आत जाऊन त्याची काठी आणून दिली, त्याची पिशवी आणि त्याच्याजवळची तोराची, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथाची, गुंडाळी. आणि त्या बाईच्या शब्दावर त्याच्या बायकोला मोकळं केलं. परक्या माणसाला पुरून त्याच्या वस्तू जपून ठेवणारी ती सराईवाली, तिचं नाव कुणी लिहिलं नाही, पण तिची साक्ष अठराशे वर्षं वाचली जातेय.

सूट द्यायची तर धोका पण असतोच, उद्या नवरा दारात येऊन उभा राहिला तर? तेव्हा त्यांनी म्हटलं, तसं झालं तर तिला दोघांनाही सोडावं लागेल, म्हणजे ती आधीच कसून चौकशी करेल, शेवटी इतकं कडक ठेवलंय म्हणून सुरुवातीला सैल ठेवू शकतो. डोक्यानं केलेली दया आहे ही.

पाण्याचा नियम वेगळा होता. माणूस अशा पाण्यात बुडाला ज्याचे सगळे काठ दिसतात, आणि वर आला नाही, तर बायको मोकळी. ज्याला अंत नाही अशा पाण्यात, म्हणजे समुद्रात गेला, तर नाही, कारण कुठे लांब किनाऱ्याला लागला असेल कुणास ठाऊक. तालमूदमध्ये, म्हणजे मिश्नावरच्या चर्चेच्या ग्रंथात, यावर गोष्ट आहे की रब्बान गमलिएल जहाजातून चालला होता, त्याच्या डोळ्यांसमोर दुसरं जहाज फुटलं, त्यात रब्बी अकिवा हा मोठा विद्वान होता, गमलिएल हळहळत राहिला. किनाऱ्यावर उतरला तर अकिवा आला आणि समोर बसून कायद्यावर बोलायला लागला. विचारलं, बाबा तुला कुणी वर काढलं? तर म्हणाला, जहाजाची एक फळी हाताला लागली, आणि येईल त्या लाटेपुढे मी डोकं वाकवत गेलो.

आता रामबामकडे येते, मोझेस मायमोनिदीस, 1138 मध्ये कोर्दोब्यात जन्मला, 1204 मध्ये इजिप्तमध्ये वारला, वैद्य पण होता आणि हलाखाचा सगळा पसारा चौदा खंडांत लावून ठेवणारा पण. त्याचा धाकटा भाऊ दावीद जवाहिऱ्याचा व्यापार करायचा, त्याच्याच कमाईवर रामबाम अभ्यास करू शकला. दावीद भारताकडे यायला निघाला आणि आपल्याच समुद्रात बुडाला. रामबामनं नंतर पत्रात लिहिलंय की तो गेला, त्याची विधवा आणि लहान मुलगी माझ्याकडे आहे, आणि बातमी आल्यापासून जवळजवळ वर्षभर मी अंथरुणाला खिळून होतो. त्याच माणसानं फारकतीच्या कायद्याचा भाग कसा संपवलाय बघा. तो म्हणतो, एका साक्षीवर, बाईच्या आणि गुलामाच्या शब्दावर सूट कशी दिली याचं नवल वाटून घेऊ नका, नवरा जिवंत असला तर उद्या उघड होणारच, अशा बाबतीत माणूस सहसा खोटं बोलत नाही, म्हणून ऋषींनी सैल धरलं, इस्राएलच्या मुली अगुना राहू नयेत म्हणून. शेवटचं वाक्यच ते आहे. अंत नसलेल्या पाण्यात भाऊ गमावलेल्या माणसानं लिहिलंय हे, मला ते वेगळं काढून वाचताच येत नाही.

हे काम पुढे थांबलंच नाही. लिथुआनियातल्या कोव्ह्नोचे रब्बी इत्झाक एल्खानान स्पेक्टर एकोणिसाव्या शतकात याच निकालांसाठी ओळखले जायचे, दुसऱ्या महायुद्धात नाझी छावण्यांमधून ज्यांचे नवरे परत आले नाहीत त्यांच्यासाठी पुन्हा सगळे ग्रंथ उघडले गेले, आणि 2001 मध्ये न्यूयॉर्कचे टॉवर पडल्यावर तिथल्या बेत दीननं फोनच्या नोंदी, डीएनए, कुठल्या मजल्यावर कोण होतं हे सगळं तपासून बायकांना मोकळं केलं.

पण मेलेल्या नवऱ्यासाठी एवढी अक्कल लावणारा कायदा जिवंत, हटून बसलेल्या नवऱ्यापुढे अडखळतो, आणि माझा राग आहे तो इथे. साधारण इ.स. 1000 मध्ये माइन्झच्या रब्बेनू गेर्शोमनं बंदी घातली की दुसरी बायको करायची नाही आणि बायकोच्या मर्जीविरुद्ध फारकत द्यायची नाही. चांगलंच केलं, पण बायको अडून बसली तर पुरुषाला शंभर रब्बींच्या सहीनं वाट काढता येते, बाईला तशी वाट नाही. रामबाम म्हणायचा अशा माणसाला कोर्टानं मारावं, तो "मला द्यायचंय" म्हणेपर्यंत. फ्रान्सचे रब्बेनू ताम म्हणाले जबरदस्तीनं घेतलेलं गेत खोटं ठरेल, त्यापेक्षा त्याला वाळीत टाका, कुणी त्याच्याशी व्यवहार करू नका. इस्रायलमध्ये 1953 पासून ज्यूंची लग्नं-फारकती रब्बींच्या कोर्टाकडेच आहेत, आणि 1995 च्या कायद्यानं त्या कोर्टाला अशा नवऱ्याचा पासपोर्ट, ड्रायव्हिंग लायसन्स, बँक खातं अडवता येतं, तुरुंगातही टाकता येतं. अमेरिकेत कितीतरी जोडपी लग्नाआधीच करार करतात की वेगळे झालो तर लग्न संपेपर्यंत नवरा रोजची ठराविक रक्कम देईल. हत्यारं आहेत हो हातात. ती वापरायला न्यायाधीश कचरतो, सहा महिन्यांनी या म्हणतो, परत सहा महिन्यांनी, आणि गेतच्या बदल्यात नवरा घर मागतो, पैसे मागतो, मुलांचा ताबा मागतो, बाईचं मूल होण्याचं वय निघून जातं. सराईवालीचा शब्द ज्यांनी मानला त्यांचे वारस म्हणवणाऱ्यांनी असं करावं?

आणि नवरा गेत देतो तेव्हा काय होतं माहितीये, बारा ओळींचा कागद असतो, लेखनिक त्याच जोडप्यासाठी हातानं लिहितो. अरामी भाषेत, गाभा एवढाच की तू आता कुठल्याही माणसाशी लग्नाला मोकळी आहेस. बाई दोन्ही हातांची ओंजळ पुढे करते, नवरा वरून तो कागद सोडतो. ती बोटं मिटते, कागद काखेत धरते, आणि सगळ्यांसमोर चार पावलं चालून दाखवते.