सरवा : आन्येस वार्दा यांची वाट

(मोंपार्नास दफनभूमी, पॅरिस. कबरीचा जवळून शॉट.)

कबरीवर फुलं असतात, तशी इथंही आहेत. पण फुलांच्या मधे बटाटे ठेवलेत. नीट पाहा, त्यातले काही पत्त्यांतल्या बदामाच्या, म्हणजे हृदयाच्या आकाराचे आहेत. लोक ते शोधून आणतात आणि इथं ठेवून जातात. ही कबर फ्रेंच सिनेदिग्दर्शक आन्येस वार्दा यांची. शेजारी त्यांचे पती, दिग्दर्शक जाक देमी.

(सेत बंदर. होड्या, वाळत घातलेली जाळी.)

बटाट्यांकडे येऊच. आधी हे सेत, दक्षिण फ्रान्समधलं बंदर. 1940 साली युद्धामुळे बेल्जियम सोडावं लागलं, तेव्हा बारा वर्षांच्या आन्येसचं कुटुंब इथं आलं आणि बंदरातल्या एका बोटीवरच राहिलं. खाऱ्या सरोवराच्या काठची ही कोळ्यांची वस्ती, ला प्वांत कूर्त. अरुंद गल्ल्या, दारासमोर दोऱ्यांवर कपडे, आणि जाळी, जिकडेतिकडे जाळी.

1954 साली त्या याच वस्तीत सिनेमाचा कॅमेरा घेऊन आल्या. वय 26. पेशानं फोटोग्राफर, जाँ व्हिलार यांच्या नाट्यसंस्थेच्या नाटकांचे फोटो त्या काढत. सिनेमाच्या शाळेत गेल्या नव्हत्या, कुणाच्या हाताखाली उमेदवारी केली नव्हती, सिनेमेसुद्धा मोजकेच पाहिले होते. निर्मात्यांच्या दारात त्या ताटकळत बसल्या नाहीत. स्वतःचीच कंपनी काढली, तामारिस. पैसे जेमतेम. मग कलाकार आणि तंत्रज्ञ मिळून सहकारी तत्त्वावर काम ठरलं: आज मेहनताना नाही, सिनेमानं कमावलं तर प्रत्येकाला वाटा. मुख्य भूमिकांना रंगभूमीवरचे दोघं, सिल्व्हिया मोंफोर आणि फिलिप न्वारे. बाकी वस्तीतली माणसं, आपापल्या घरात, आपापल्या कामात. सरोवरातल्या शिंपल्यांवर आरोग्य खात्याची नजर आहे, मासेमारीवर बंधनं आहेत, ही कोळ्यांची खरी काळजी सिनेमात जशीच्या तशी आली. त्या शेजारी एका नवराबायकोचं संथ बोलणं. दोन धागे, एकमेकांत न मिसळणारे.

संकलनासाठी त्या आलाँ रेने यांच्याकडे गेल्या, जे पुढे स्वतः नामवंत दिग्दर्शक झाले. रेने आधी कचरले, कारण त्यांना स्वतःला जे करायचं होतं तेच या पोरीनं करून ठेवलं होतं. शेवटी त्यांनीच ते काम केलं.

फ्रेंच न्यू वेव्हचा, म्हणजे रुळलेली चाकोरी सोडून सिनेमे काढणाऱ्या तरुण दिग्दर्शकांच्या लाटेचा, गाजावाजा 1959च्या आसपास सुरू झाला. हा सिनेमा त्याच्या पाच वर्षं आधी चित्रित झालेला. तरी त्या लाटेची गोष्ट सांगताना पहिली नावं पुरुषांचीच घेतली जातात. हा क्रम बदलायला हवा, म्हणून आम्ही सेतला आलो.

(र्यू दागेर, पॅरिस. घराची रंगीत दर्शनी भिंत, समोरचा फुटपाथ.)

या गल्लीत त्या 1951पासून अखेरपर्यंत राहिल्या. तेव्हा इथं दोन पडीक दुकानं होती आणि मधे अंगण. त्याचं घर झालं, घराचं ऑफिस झालं.

1970च्या दशकात मुलगा लहान होता, त्याला सोडून लांब शूटिंगला जाणं जमेना. मग काय केलं? घरातल्याच मीटरवरून वीज घेतली. केबल भरली 80-90 मीटर. केबल पोहोचेल तिथपर्यंतच सिनेमा, असं त्यांनी ठरवलं. म्हणजे हाच फुटपाथ, हीच दुकानं. पाववाला, खाटीक, शिंपी. आणि अत्तराचं एक दुकान: काउंटरमागे म्हातारा, शेजारी त्याची बायको, जवळजवळ अबोल. दिवस मावळायला लागला की ती दारापाशी जाऊन उभी राहते. कॅमेरा तिच्याकडे पाहत राहतो, कसलीही घाई करत नाही. एका आईच्या अडचणीतून सिनेमाची चौकट निघाली. असं काम करायला मोठा स्टुडिओ लागत नाही.

(बटाट्यांचा ढीग. नंतर सुरकुतलेल्या हाताचं स्थिरचित्र.)

कापणीनंतर शेतात राहिलेली कणसं वेचणं, याला आपल्याकडे सरवा वेचणं म्हणतात. फ्रान्समध्येही ही रीत जुनी. 2000 सालच्या माहितीपटासाठी वार्दाबाई हातात मावेल असा डिजिटल कॅमेरा घेऊन सरवा वेचणाऱ्यांच्या मागावर निघाल्या. काळ्या झग्यातला एक वकील शेतात उभा राहून कायदा समजावतो: सरवा वेचायचा हक्क 1554पासून नोंदलेला आहे. मापात न बसणारे बटाटे ट्रकनं शेतात ओतले जातात. त्यात बाईंना बदामाच्या आकाराचा बटाटा सापडतो. एका हातात कॅमेरा, दुसऱ्या हातानं त्या तो उचलतात. मग तोच हात कॅमेऱ्यासमोर येतो, कातडी, डाग, शिरा, अगदी जवळून. आपलं म्हातारपणही त्यांनी तसंच वेचून घेतलं. ते बटाटे त्यांनी घरी नेले, सुरकुतू दिले, कोंब फुटू दिले. 2003 साली व्हेनिसच्या कलाप्रदर्शनात 700 किलो बटाटे मांडले आणि स्वतः बटाट्याचा पोशाख घालून लोकांसमोर उभ्या राहिल्या.

मानसन्मान आले: 1985मध्ये व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार सुवर्णसिंह, 2017मध्ये मानद ऑस्कर. 29 मार्च 2019 रोजी, नव्वदाव्या वर्षी, पॅरिसच्या राहत्या घरी त्या गेल्या.

(पुन्हा कबर. वारा. निवेदन नाही. कोंब आलेल्या बटाट्यावर कॅमेरा स्थिर.)